येतो म्हणून गेलेला चोर

प्रियांका म्हसा गावच्या जत्रेला घोंगडी घ्यायला गेली होती, भांडायला नाही. हे तिनं पुढं बऱ्याच जणांना सांगितलं. पटलं कुणालाच नाही.

घोंगडी बाबांसाठी होती. पौषातल्या थंडीतही ओट्यावर बसायचा त्यांचा हट्ट सुटत नव्हता. सकूआत्यानं चार दुकानं पालथी घालून, तीन दुकानदारांना नावं ठेवून ती निवडली होती – काळीभोर, काठाला पांढरी रेघ. दोघी बैलबाजाराच्या कडेनं परत निघाल्या. धूळ, गोडीशेवेचा वास, पाळण्यांची करकर... आणि त्या सगळ्यावर एका तंबूच्या भोंग्यातून येणारा आवाज.

"बाय विचारते, काय रे, तू धसईचा का? तर टोपीवाला बोलतो, नाय बाय, मी मुरबाडचा. एसटी चुकली म्हणून खिडकीतून आलो."

तंबूत हशा पिकला. प्रियांका थांबली. एक तर ती स्वतः धसईची. दुसरं म्हणजे त्या आवाजाच्या मागं, खरखरीच्या तळाशी, तिला इंग्रजी बोलणं स्पष्ट ऐकू येत होतं. त्यात धसई नव्हती, मुरबाड नव्हतं आणि एसटी तर नव्हतीच.

दुसऱ्या कुणी हे ऐकून सोडून दिलं असतं. पण प्रियांका गेली तीन वर्षं घरी बसून मुंबईच्या एका कंपनीसाठी हेच काम करत होती. परदेशी सिनेमांच्या तळाशी येणाऱ्या मराठी ओळी ती लिहायची. एका वेळी दोन ओळी, ओळीत फार तर बेचाळीस अक्षरं, शब्दाला शब्द तोलून. एक काना जास्त पडला तरी तिचा दिवस नासायचा.

तिनं तंबूची कनात बाजूला सारली आणि म्हणाली, "चूक!"

म्हणायचं होतं त्याहून ते बरंच मोठ्यानं निघालं. पन्नासेक माणसं वळली. कनातीतून घुसलेलं ऊन पडद्यावर पडलं आणि काळ्यापांढऱ्या सिनेमातली मालकीण कमरेपासून वर पुसली गेली. "कनात सोडा, कनात!" लोक ओरडले.

"दारात मास्तरीणबाय आल्यात," माईकवरचा आवाज शांतपणे म्हणाला. "त्या बोलतात चूक हाय. मग बरोबर काय ते त्याच सांगतील. या हो, अशा पुढं या."

प्रोजेक्टरजवळ एक तरुण उभा होता. कानांना मफलर, चौकड्याचा शर्ट, गालात अडवून धरलेलं हसू. त्यानं माईक तिच्यापुढं धरला. मागं वळायची सोय नव्हती. प्रियांकानं माईक घेतला.

"ही बाई या घराची मालकीण आहे. तिनं जाहिरात देऊन नवा नोकर मागवला आहे. हा टोपीवाला माणूस चोर आहे. तो मोत्यांचा हार चोरायला खिडकीतून आत आला आहे. पण मालकिणीला वाटतं, हाच तो नवा नोकर."

भोंग्यातल्या इंग्रजीतून कळलं त्याहून एकही शब्द कमीजास्त नव्हता. तंबूत कुणी हसलं नाही. मग पुढच्या ओळीतून एक म्हातारी म्हणाली, "आधीचा बरा होता गो."

प्रियांकानं माईक परत दिला आणि तडक बाहेर पडली. सकूआत्या तिच्यामागून आलीच नाही. ती नवी घोंगडी खाली पसरून केव्हाच बसली होती. तासाभरानं बाहेर आली ती डोळ्यांतलं हसण्याचं पाणी पुसत, आणि घोंगडी आत विसरून. हे ध्यानात आलं ते थेट धसईला उतरल्यावर.

"तूच आण गो उद्या," आत्या म्हणाली. "तुला सगळा तंबू वळखतो आता."

*

दुसऱ्या दिवशी दुपारी प्रियांका तंबूत शिरली तेव्हा मफलरवाला बांबूच्या शिडीवर चढला होता. कनातीला वरच्या बाजूला चांगलं खिडकीएवढं भोक होतं. त्या भोकावर काळी, पांढऱ्या काठाची घोंगडी तो सुतळीनं बांधत होता.

"ती माझी घोंगडी आहे."

"तुमची?" त्यानं खाली पाहिलं. "ही तर तंबूची हाय. कालच्यापासून."

"ही चोरी आहे."

"चोरी नाय, ठिगळ हाय. दुपारचं ऊन इथून सरळ पडद्यावर येतं. काल ही लावली न् चारच्या खेळाला पयल्यांदा चोराचं तोंड दिसलं."

"खाली उतरा."

तो उतरला. ती शिडीवर चढली, सुतळी सोडली, घोंगडीचं एक टोक सुटलं आणि मागं पडद्यावर थांबवून ठेवलेल्या चित्रातल्या चोराचा चेहरा नाहीसा झाला. नुसती टोपी उरली. हवेत लटकलेली. प्रियांका क्षणभर पाहत राहिली. मग तिनं घोंगडीचं टोक पुन्हा लावलं आणि गाठ मारली, त्याच्या गाठीपेक्षा आवळून. सैल गाठ तिला बघवत नसे.

"जत्रा संपली की घेऊन जाईन," ती उतरत म्हणाली.

"मी हेमंत. किन्हवलीचा."

"मी विचारलं नव्हतं."

"तुमी मनात विचारलं असंल म्हणून बोललो."

तिनं डोळे मिटून एक श्वास घेतला. चहा आला. तंबूच्या दाराशी तिकिटाच्या टेबलामागं एक कानानं अधू म्हातारा बसला होता, तो हेमंतचा यमाजीकाका. तंबू त्याचा होता. जत्रेसाठी ठरवलेल्या नव्या सिनेमाची ड्राइव्ह उघडत नव्हती आणि देणारा फोन उचलत नव्हता. शेवटी काकाच्या पेटीत हा एक विलायती सिनेमा सापडला – चोराचा, विनोदी, इतका जुना की कुणाची परवानगी मागायची तरी मागणार कुणाकडं, असा.

"आवाज हा असा खरखर," हेमंत म्हणाला, "न् आपली इंग्रजी अशीतशी. मग सुचलं ते बोललो."

"सुचलं ते?"

"टोपीवाल्याचं तोंड हलतं. म्हणजे कायतरी बोलतच असंल ना."

"आणि लोकांना खरं काय ते नको कळायला?"

"कळायला लोक यायला तर पायजेत." पहिल्यांदाच त्याच्या गालातलं हसू गेलं. "काका बोललाय, यंदा जत्रेत तंबू भरला नाय तर कापड मंडपवाल्याला द्यायचं. मग मी वाशिंदला कारखान्यात. पास काढायचा न् रोज जायचं. वाईट नाय तसं. पण तिथं कुणी हसत नाय."

सिनेमाची नक्कल पेनड्राइव्हवर घेऊन प्रियांका घरी गेली आणि कामाला बसली. कीव आली म्हणून नव्हे. एक माणूस तोंडाला येईल ते बोलतो आणि लोक त्यालाच डोक्यावर घेतात, हे तिला सहन होत नव्हतं. दुसऱ्या दिवशी दुपारपर्यंत सगळा सिनेमा मराठीत झाला होता. ती पेनड्राइव्ह घेऊन म्हशाच्या एसटीत बसली. आत्यानं विचारलं, "घोंगडी आणायला का?" तर ती म्हणाली, "हो." तिच्या लक्षात आलं की हे वाक्य अचूक नाही.

*

पडद्याखाली मराठी ओळी आल्या. पोरांनी त्या एका सुरात मोठ्यानं वाचायला सुरुवात केली. "मो-त्यां-चा हा-र कु-ठं आ-हे?" त्यांचं वाचून होईतो पडद्यावर हार सापडून पुन्हा हरवलेला असे. ज्यांना वाचता येत नव्हतं ते पोरांना विचारत. पोरं मागचं सांगत. मिशीवाला फौजदार कपाटात लपला होता की सूपच्या भांड्यात, यावरून बसलेल्यांच्या दोन रांगांमध्ये जुंपली.

प्रियांकानं कपाळावर हात मारला.

"मी बोलू का?" हेमंतनं हळूच विचारलं. "तुमचंच बोलतो. जसंच्या तसं."

"जसंच्या तसं?"

"देवाशपथ."

आणि तो बोलला. बहुतेक ठिकाणी जसंच्या तसं. मालकिणीला बाईसाहेब म्हणाला, फौजदाराला दोनदा शिंक आणली, तरी ओळी तिच्याच होत्या. तिची कोरडी वाक्यं त्याच्या आवाजात शिरली की त्यांना पाय फुटत होते. 'मी चोर नाही, मी फक्त उशिरा आलो आहे' या वाक्याला लोक हसले तेव्हा प्रियांकाला स्वतःच्या चेहऱ्यावर काहीतरी होतंय असं जाणवलं. तिनं ते ताबडतोब आवरलं. हेमंतनं तेवढ्यात पाहिलं होतं.

मग शेवटचा प्रसंग आला. चोरानं हार परत ठेवला आहे. घरातली कामवाली मुलगी – तंबूत तिचं नाव कपबशीवाली पडलं होतं – हिला पहिल्यापासून सगळं माहीत होतं, पण तिनं कुणाला सांगितलं नाही. चोराचा एक पाय खिडकीबाहेर, एक आत. तो टोपी काढतो आणि सांगतो की आता निघायला हवं. प्रियांकानं खाली लिहिलं होतं : बरं. जातो. दोनच शब्द. तिला त्यांचा अभिमान होता.

हेमंत माईकवर म्हणाला, "बरं... येतो गो."

पडदा काळा झाला. कनाती उघडल्या. लोक उठले, पण परवाची ती पुढच्या ओळीतली म्हातारी जागची हलली नाही. ही बाईजा. वाडीवरून दरसाल सुपं-टोपल्या विकायला यायची.

"आजी, संपला खेळ," प्रियांका म्हणाली.

"संपला कसा? तो येतो बोलला ना."

"नाही हो, ते–"

"माझा मंगळू दिवाळी झाली का वीटभट्टीवर जातो. येतो बोलून जातो. न् पावसाच्या आधी येतोच." बाईजानं पाय पोटाशी घेतले. "येतो बोलला म्हणजे येल. मी बसतंय."

यमाजीकाकानं येऊन दोनदा हात जोडले तेव्हा ती उठली. जाताना सांगून गेली, "उद्या बघतंय आला का."

बाईजा दिसेनाशी झाली तशी प्रियांका हेमंतकडं वळली.

"मी 'जातो' लिहिलं होतं."

"वाचलं मी."

"मग?"

"असं कुणी कुणाला जातो बोलतं का? घरातून निघताना मी जातो बोललो तर आई चप्पल फेकून मारंल. जातो बोलून गेलेला माणूस आमच्यात एकदाच जातो."

"आमच्यातही! पण हा खरंच जातोय. परत येत नाही. पुढं सिनेमाच नाही, काळा पडदा आहे!"

"ते तुमाला माहीत, मला माहीत. कपबशीवालीला कुठं माहीत हाय? तिच्याकडं बघून तो काय बोलंल?"

प्रियांकाला इतका संताप आला की ती म्हणाली, "तसं नाय ते!"

"नाय?" हेमंत हसला. "रागात बरं बोलता तुमी. आमच्यासारखं."

ती एसटी पकडायला निघाली ती वाटेत कुणाकडंही न पाहता. गाडीत बसल्यावर तिच्या ध्यानात आलं की आपल्या हातात त्याचा मफलर आहे. थंडीनं तिचे हात गारठले म्हणून त्यानं तो मघाशी दिला होता आणि तिनं न बोलता घेतला होता. आता तिचीही एक चोरी झाली होती.

*

दुसऱ्या दिवशी बाईजा आली ती एकटी नव्हती. शेजारच्या टोपलीवाल्या होत्या. "आला का?" पहिला प्रश्न. नव्हता आला. सगळ्या जणी बसल्या, शेवटपर्यंत थांबल्या, चुकचुकत गेल्या आणि जत्राभर सांगितलं.

पाचव्या दिवशी बैलबाजारात दोन व्यापारी सौदा अर्धवट टाकून एकमेकांना विचारत होते, "टोपीवाला आला काय?" सहाव्या दिवशी घोंगडीवाले आले. सातव्या दिवशी कुणीतरी पिल्लू सोडलं की तो शेवटच्या दिवशी येतो, आधी नाय. कुणी सोडलं ते कळलं नाही, पण प्रियांकाचा संशय सकूआत्यावर होता. आत्या रोज तिच्याबरोबर येत होती आणि घोंगडीचं नाव काढत नव्हती.

"सिनेमा आहे तो!" प्रियांका भेटेल त्याला सांगत होती. "रोज तोच असतो. आज वेगळा कसा होईल?"

"माणूस बोलला हाय," लोक तिला समजावत. "शब्दाला जागंल."

रोज ती हेमंतशी भांडायला यायची. रोज तो तिच्यासाठी चहा सांगून ठेवायचा. साखर किती, हे त्यानं एकदाच विचारलं होतं. ती सूचना द्यायची – इथं थांबायचं, इथं घाई नको, 'हार' म्हणताना हसायचं नाही – आणि तो पाठ केल्यासारखा मान डोलवायचा.

"तुमी सोता कधी सिनेमा बघता का?" त्यानं एकदा विचारलं. "म्हणजे चुका न काढता?"

"नाही."

"मग बघता काय?"

"वेळ. ओळ कधी येते, कधी जाते."

"येते न् जाते," तो म्हणाला. "बघा, तुमच्या कामातसुद्धा येणं पयलं हाय."

तिनं मफलर परत करायला पिशवीतून काढला होता. तो तसाच पिशवीत गेला.

शेवटच्या दिवशी सहाच्या खेळाला माणूस मावेना. कनातीबाहेरही रांग होती. यमाजीकाकाचा चेहरा दिवाळीसारखा झाला होता. हेमंतचा मात्र उतरला होता. आठ दिवस ओरडून त्याचा घसाही बसला होता.

"आज नाय आला," तो घोगऱ्या आवाजात म्हणाला, "तर लोक तंबू सोलून नेतील."

"एका शब्दानं! तुमच्या एका शब्दानं ही वेळ आली. मी किती वेळा सांगितलं–"

"सोळा."

"काय?"

"सोळा वेळा सांगितलंत. मोजलं मी."

तिनं हात टेकले. पडद्याकडं पाठ करून उभी राहिली. रागानं की कशानं कुणास ठाऊक, तिला सगळा सिनेमा एकदम डोळ्यांपुढं दिसला – ओळींशिवाय. पहिल्यांदाच.

"तो पहिल्यांदा घरात कसा शिरतो?" तिनं विचारलं.

"खिडकीतून."

"कोणत्या?"

हेमंत बघत राहिला. "तीच... तीच खिडकी हाय ती."

"तीच. कोटही तोच. दोन्ही प्रसंग त्यांनी एकाच दिवशी उरकले असणार. आणि आत कोण उभं असतं?"

"कपबशीवाली. मेणबत्ती घेऊन. पयली दचकते, न् मग–"

"हसते."

दोघं एकमेकांकडं पाहत राहिले.

"शेवट झाला की न थांबता पहिला प्रसंग लावायचा," प्रियांका लॅपटॉप उघडत म्हणाली. "तिथं तो म्हणतो, माफ करा, घर चुकलं. ती ओळ मी काढते."

"पण ते बोलतो तो खरोखर. तुमी बदलणार?"

"चूकच आहे ही." ती मान वर न करता टाइप करत होती. "पण नीट केलेली चूक आहे."

सिनेमा संपत आला. चोराचा एक पाय खिडकीबाहेर गेला. हेमंतनं माईक तिच्या हातात दिला. "माझा आवाज नाय निघत. न् तुमी बोललात तर लोकांना खरं वाटंल."

प्रियांका म्हणाली, "बरं. येतो."

पडदा काळा झाला. एक... दोन... मग खिडकी दिसली. रिकामी. खिडकीच्या चौकटीवर एक हात आला. मग टोपी.

"आला!" कुणीतरी किंचाळलं.

मेणबत्ती घेतलेली मुलगी दचकली, आणि हसली. चोराचे ओठ हलले.

"आलो," प्रियांका म्हणाली.

पुढचं काही ऐकू आलं नाही. लोक उभे राहून टाळ्या पिटत होते, टोप्या उडत होत्या, सकूआत्या शेजारच्या अनोळखी बाईच्या गळ्यात पडली होती. बाईजा तेवढी सावकाश उठली, लुगडं झटकलं आणि जाता जाता प्रियांकाला म्हणाली, "उगाच घाबरवत होतीस गो सगळ्यांना."

तंबू रिकामा झाल्यावर हेमंत केबल गुंडाळत जवळ आला. "आलो बोललात तेव्हा माझ्याकडं बघत होतात."

"पडद्याकडं बघत होते."

"पडदा त्या अंगाला हाय."

तिचे कान तापले. "उद्या सकाळी घोंगडी न्यायला येते," ती म्हणाली.

"या," तो म्हणाला. आणखी काही म्हणणार होता... पण यमाजीकाकानं हाक मारली. तंबू वाचला होता. पुढची जत्रा घाटावर होती, त्याच्यापुढं आणखी एक.

*

सकाळी दहाला प्रियांका म्हशाला पोचली तेव्हा तंबूच्या जागी खुंट्यांची भोकं होती आणि गवताच्या काड्या. ट्रक सात वाजताच गेला, असं शेजारच्या पाळणेवाल्यानं सांगितलं. घोंगडीसकट. निरोप? निरोप नाही.

ना येतो, ना जातो. दोन शब्दांवरून जो माणूस आठ दिवस तिच्याशी भांडला, त्याला त्यातला एकही सापडला नव्हता. आणि तंबू वाचवला कुणी? तिनं. तंबू बुडाला असता तर तो वाशिंदला असता. एका एसटीच्या अंतरावर! स्वतःच्या हातानं तिनं त्याला माळशेज चढवून दिलं होतं.

फोन नंबर एकमेकांचा घेतलाच नव्हता, भांडणातून वेळच झाला नाही. जुन्या जाहिरातीवर यमाजीकाकाचा नंबर होता. तिनं तो लावला. "माझी घोंगडी तुमच्याकडं आहे," ती म्हणाली. काका तिकडून ओरडला, "घोंगड्या इकत नाय आमी!" आणि फोन ठेवला.

"चोर आहे," प्रियांका आत्याला म्हणाली.

"चोर कसला, हुशार हाय," आत्या भाजी निवडत म्हणाली. "घोंगडी नेली म्हणजे यायचं कारण नेलं गो सोबत."

"तसं काही नाही."

"मग मफलर का धुतलास दोनदा?"

नऊ दिवस गेले. प्रियांकानं एका सिनेमाच्या ओळी तीनदा लिहून तीनदा पुसल्या. कंपनीतून विचारणा झाली. तिनं नेटवर्कला दोष दिला. तो खरा नव्हता.

दहाव्या दिवशी, धसईच्या बाजाराच्या दिवशी दुपारी, ती मागच्या खोलीत खिडकीशी काम करत होती. कानांत हेडफोन होते. लॅपटॉपवर सावली पडली.

"उजेड सोडा," ती न बघता म्हणाली.

सावली हलली नाही. तिनं हेडफोन काढले. खिडकीबाहेर हेमंत उभा होता. डोक्यापासून पायांपर्यंत धूळ, कान उघडे आणि थंडीनं लाल.

"दार पुढं आहे," ती म्हणाली.

"पुढं तुमचे बाबा बसलेत. बोलले, कोण? मी बोललो, घोंगडीचोर. तर बोलले, मागं जा, फौजदार मागं बसलाय."

"घर कसं सापडलं?"

"गिरणीवर विचारलं, चूक काढणारी बाय कुठं राहते. चार जणांनी बोट केलं."

ती हसणार नव्हती. "घोंगडी कुठाय?"

"नाय आणली."

"नाही आणली? घाट उतरून एवढ्या लांब रिकाम्या हातांनी आलात?"

"आणली असती तर तुमी बोलला असता, घोंगडी द्यायला आला." त्यानं खिडकीची कड धरली. "मग मी कशाला आलो ते... तुमाला कळलंच नसतं."

"आणि त्या दिवशी न सांगता गेलात ते?"

"ट्रकवाल्यानं घाई केली. न् मला कळंना काय बोलू. येतो बोललो असतो तर तुमाला वाटलं असतं, रीत म्हणून बोलतो. जातो बोलायची छाती नव्हती. मग गप गेलो. पूर्ण माळशेज सोताला शिव्या घातल्या."

"म्हणजे आलात कशाला?"

"तेच ते... म्हणजे तुमी–"

"वाक्य अपुरं आहे."

"तुमी करा ना पुरं. तुमचं कामच हाय."

"ज्याचं वाक्य त्यानं बोलायचं," प्रियांका म्हणाली. तिचा आवाज तिला हवा तितका कडक निघाला नाही. "मी फक्त खाली लिहिते."

हेमंतनं एकदा मागं पाहिलं, एकदा आभाळाकडं, मग सरळ तिच्याकडं.

"तुमी मला आवडता." आणि मग घाबरून, "जास्त झाली का अक्षरं?"

तिनं मोजली. सवयच ती. "आठ," ती म्हणाली. "बेचाळीसपर्यंत चालतात. बरीच जागा आहे अजून."

"मग उरलेली?"

"उरलेली माझ्यासाठी ठेवा. सावकाश भरीन."

मग तो पुढच्या दारानं आत आला. बाबांनी त्याला चोरीचा तपशील विचारला, त्यानं तो प्रामाणिकपणे दिला. सकूआत्यानं चहात न विचारता साखर जास्त घातली. सहाच्या खेळाला पोचायचं म्हणून तो निघाला तेव्हा प्रियांका अंगणापर्यंत आली. पिशवीतला मफलर तिनं स्वतःच्या हातानं त्याच्या कानांभोवती गुंडाळला आणि गाठ मारली. घट्ट.

त्यानं मोटरसायकल चालू केली. चेहरा अगदी गंभीर केला.

"बरं. जातो."

प्रियांकाच्या कपाळावर आठी चढली. "काय म्हणालास?"

"अचूक बोललो. खरोखर जातोय ना मी. तुमीच सोळा वेळा–"

"हेमंत! माणसासारखं बोल."

ओट्यावर बाबा खोकले. आत्या दाराआड हसली. आपण त्याला 'तू' म्हणालो आणि तेही सगळ्यांसमोर, हे प्रियांकाच्या फार उशिरा ध्यानात आलं. हेमंतच्या केव्हाच आलं होतं. गालात अडवलेलं हसू आता त्याच्या सगळ्या तोंडावर पसरलं.

"येतो," तो म्हणाला.

"वार सांग," प्रियांका म्हणाली.